आंबेनळीच्या पायथ्याचा एक कारखाना व त्यांतील शब्दांची साक्ष

१

आंबेनळीचा घाट महाबळेश्वराच्या पठारावरून उतरतो आणि पोलादपुरापाशीं कोंकणास मिळतो. वाटेंत प्रतापगड लागतो, खालीं सावित्री नदी सोबतीस येते, आणि तिच्याच कांठानें पुढें गेलें म्हणजे महाड लागून तेथून रायगडाची वाट फुटते. या टापूंतील गड, घाट व घराणीं यांविषयीं पुष्कळ लिहिलें गेलें आहे व तें वाचकांच्या परिचयाचें आहे. इंग्रजी अमदानींत गाडीरस्ता झाल्यावर या घाटास फिट्झजेराल्ड या गव्हर्नराचें नांव देण्यांत आलें. परंतु गाडीवानांनीं व वाटसरूंनीं आपलें जुनेंच नांव चालविलें, आणि आज सर्वत्र आंबेनळी हेंच नांव चालतें. कागदावर एक व तोंडीं दुसरें असें झालें असतां कधीं कधीं तोंडचेंच टिकतें, याचें हें एक उदाहरण होय.

पोलादपूर या नांवांत 'पोलाद' दिसतें म्हणून तेथें पूर्वीं पोलाद होत असे, असें अनुमान करणारे गृहस्थ आम्हांस भेटले आहेत. केवळ नामसादृश्यावरून कारखाना उभा करणें शास्त्रास धरून नाहीं, व तसें करण्याचा आमचा मानस नाहीं. प्रस्तुत लेखांत ज्या कारखान्याविषयीं लिहावयाचें आहे तो आज चालू आहे, आणि त्यांत आम्हीं सुमारें तीन वर्षें विद्यार्थी म्हणून काम केलें आहे. पत्र्याच्या छपराखालीं एक भट्टी, एक ऐरण, दोन शेगडे, एक जुनें लेथयंत्र व भोंक पाडण्याचें एक यंत्र, एवढाच त्याचा पसारा. संशोधनाच्या त्रैमासिकांत त्यास जागा कशासाठीं, असा प्रश्न वाचक करतील. त्याचें उत्तर असें कीं, कारागिरीविषयींचे जुने कागद व ग्रंथ आपण ज्या शब्दांच्या आधारें वाचतों, ते शब्द अशा जागीं अद्याप कामावर आहेत; आणि हत्यार हातीं धरल्यावांचून त्यांतील पुष्कळांचा अर्थ नीट लागत नाहीं, असा आमचा अनुभव आहे.

२

आमचा जन्म संस्कृत शिकविण्यांत गेला. निवृत्तीनंतर घरचे व स्नेह्यांकडील मोडी कागद मिळवून त्यांच्या नकला करण्याचें काम आम्हीं हातीं घेतलें. त्यांत एका घरगुती हिशेबांत लोहाराच्या नांवें कांहीं धान्य खर्चीं पडलेलें होतें, आणि त्यालगत कोयते व विळे यांचा उल्लेख होऊन 'पाजणें' या धातूचें एक रूप आलें होतें. पाजणें म्हणजे पिण्यास देणें, एवढेंच आम्हांस ठाऊक. तेव्हां कोयते-विळे घडवून घेतल्यावर लोहारास व त्याच्या माणसांस कांहीं पेय दिलें असावें, अशी टीप आम्हीं नकलेच्या समासांत लिहून ठेविली. आणि तेवढ्यावर न थांबतां कारागिरांस सणावारीं संतुष्ट करण्याच्या चालीविषयीं चार ओळींचें विवेचनही जोडलें.

पुढें एकदां कोयत्याची मूठ बसवून घेण्यासाठीं आम्ही या कारखान्यांत गेलों. तेथील मिस्त्री आमचाच जुना विद्यार्थी. शाळेंत शब्द चालविण्याच्या तासाला तो खिडकीबाहेर पाहात असे, हें आम्हांस चांगलें आठवत होतें. कोयत्याच्या धारेवर आडवा आंगठा फिरवून तो म्हणाला, "गुरुजी, मूठ बसवून देतों, पण हा पाजवायला झालाय." आमचें चार ओळींचें विवेचन त्या एका वाक्यानें रद्द झालें. बोथटलेलें पातें तापवून, ठोकून, पाण्यांत बुडवून त्यास पुन्हा धार आणावयाची, हें 'पाजविणें' कोंकणांतील कोणत्याही शेतकऱ्यास ठाऊक आहे. आम्हांसच तेवढें ठाऊक नव्हतें. हिशेबांतील धान्य लोहारास मिळालें होतें हें खरें, परंतु पाजिलेले होते ते कोयते.

ज्या कागदाच्या दोन शब्दांत आम्ही एवढे चुकलों, त्या प्रकारचे किती कागद आम्हीं आत्मविश्वासानें वाचले असतील, हा विचार मनांतून जाईना. आठ दिवसांनीं आम्ही पुन्हा गेलों आणि काम शिकविशील काय म्हणून विचारलें. तो संकोचून म्हणाला, "गुरुजी, तुम्ही खुर्चीवर बसा, मी सगळं दाखवतों." आम्हीं सांगितलें, "दाखवूं नकोस, करायला दे." त्यानें एक जुनी कानस व लोखंडाचा एक तुकडा पुढें केला. त्या दिवसापासून त्या छपराखालीं आम्ही त्यास 'मिस्त्री' म्हणूं लागलों व अहो-जाहो करूं लागलों. पहिले कांहीं दिवस तें त्यांस जड गेलें.

३

पहिले दोन महिने आमच्या हातीं कानशीखेरीज कांहीं आलें नाहीं. तुकडा शेगड्यांत आवळून त्याची एक बाजू सपाट करावयाची, एवढेंच काम. कानशीचे दांते पुढें जातांना कापतात, मागें येतांना कापीत नाहींत. म्हणून पुढें जातांना भार द्यावा व परततांना तो काढून घ्यावा. हें सांगण्यास एक वाक्य पुरतें. हातास समजण्यास पंधरवडा लागला. नवशिक्याची कानस डोलते. आरंभीं पुढच्या हाताचा भार अधिक होतो, शेवटीं मागच्या हाताचा; परिणामीं तुकड्याच्या दोन्ही कडा उतरतात व मध्य फुगीर राहतो. आमच्या डोळ्यांना तो सपाटच दिसे. मिस्त्री त्यावर गुण्याची कड उभी धरून उजेडाकडे करीत. दोन्ही टोकांशीं कडेखालून उजेड येई, आणि कांहीं न बोलतां ते तुकडा परत देत. कानशीच्या दांत्यांत कीस रुतूं नये म्हणून तिला खडू घांसतात. खडूचा हा उपयोग जन्मभर खडू हातांत वागवूनही आम्हांस माहीत नव्हता.

छिन्नी चालवितांना दुसरा धडा मिळाला. हातोडा छिन्नीच्या डोक्यावर पडावयाचा, म्हणून आमची दृष्टि डोक्यावर. आणि घाव मात्र आंगठ्यावर. दृष्टि नेहमीं छिन्नीच्या धारेवर ठेवावी, हात आपोआप डोकें शोधतो, असें मिस्त्र्यांचें सांगणें. तें खरें ठरावयास आंगठ्याचें नख एकदां काळें व्हावें लागलें.

सपाट म्हणजे काय, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाहीं. गुण्या सरळ आहे हें कशावरून? ज्या पाटावर तो तपासला तो पाट सपाट आहे हें तरी कशावरून? या अनवस्थेचा परिहार यंत्रविद्येंत कसा केला आहे तो पोथ्यांच्या संग्राहकांनीं मुद्दाम पाहण्याजोगा आहे. लोखंडाचे दोन पाट घ्यावे, एकावर शेंदूर पातळ माखावा व दुसरा त्यावर घांसावा. जेथें उंचवटा असेल तेथें रंग लागतो, तेवढाच खरवडावा. असें पुनःपुन्हा करीत गेल्यास दोन्ही पाट एकमेकांस तंतोतंत बसतात. परंतु तेवढ्यावरून ते सपाट ठरत नाहींत. एक किंचित् फुगीर व दुसरा तितकाच खोलगट असला तरीही ते बसतीलच. म्हणून तिसरा पाट लागतो. पहिला दुसऱ्यास, दुसरा तिसऱ्यास व तिसरा पहिल्यास, आडवे-उभे फिरवूनही, सर्वत्र बसला म्हणजे तिघांनाही सपाट असण्यावांचून गत्यंतर उरत नाहीं. जोसेफ व्हिटवर्थ या इंग्रज यंत्रज्ञानें इ. स. १८४० मध्यें ग्लासगो येथें भरलेल्या विद्वत्सभेंत ही रीत मांडली. जगांतील सूक्ष्म मापाचीं यंत्रें या तीन पाटांच्या न्यायावर उभीं राहिलीं, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं.

दोन पोथ्यांचा पाठ जुळला म्हणजे तो शुद्ध, असें मानण्याकडे आपला कल असतो. पण दोन्ही पोथ्या एकाच अशुद्ध मातृकेवरून उतरलेल्या असल्या तर त्या जुळणारच; त्यांचें जुळणें हें फुगीर व खोलगट पाटांचें जुळणें होय. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें महाभारताची चिकित्सक आवृत्ति १९१९ मध्यें हातीं घेऊन १९६६ मध्यें पुरी केली, तेव्हां निरनिराळ्या प्रांतांतील व लिप्यांतील प्रती एकमेकींशीं ताडून पाहण्याचे जे अपार कष्ट घेतले, त्यांचें मर्म आम्हीं पूर्वीं पुस्तकांत वाचलें होतें. तें आम्हांस खरोखर उमजलें तें शेंदरानें हात माखल्यावर.

४

तिसऱ्या महिन्यांत मिस्त्र्यांनीं आमच्याकडून एक छिन्नी घडविली व तिला 'पाणी' देण्यास सांगितलें. पोलाद लाल तापवून पाण्यांत बुडविलें म्हणजे तें कठीण होतें. पण इतकें कठीण कीं घाव बसतांच त्याचा तुकडा उडतो. म्हणून तें पाणी कांहींसें उतरवावें लागतें. बुडविलेल्या छिन्नीचें टोक घांसून चकचकीत करावें व पुन्हा मंद तापवावें. मग त्या चकाकीवर रंग चढूं लागतात: प्रथम वाळल्या गवतासारखा पिवळा, मग तपकिरी, मग जांभळा, मग निळा. पिवळा रंग सुमारें २३० अंश सेंटिग्रेडला व निळा सुमारें ३०० अंशांला दिसतो. वस्तरा पिवळ्यावर धरावा, छिन्नी जांभळ्यावर, कमान निळ्यावर. रंग धारेपाशीं येतांच क्षणाचा विलंब न लावतां ती पुन्हा बुडवावी. आमच्या पहिल्या तीन छिन्न्या फुकट गेल्या. दोन तुटल्या व एक वांकली.

हीं खटपट चालू असतां आम्हांस सुश्रुताचें स्मरण झालें. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानांतील आठव्या अध्यायांत शल्यकर्माच्या शस्त्रांचें वर्णन आहे. तेथें शस्त्रांच्या 'पायने'चे तीन प्रकार सांगितले आहेत: क्षारांतील, पाण्यांतील व तेलांतील. बाण, शल्य व हाड छेदण्याचीं शस्त्रें क्षारांत, मांस कापण्याचीं पाण्यांत, आणि शिरा वेधण्याचीं तेलांत पाजावीं असा तेथील आशय आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेंत खड्गलक्षणाच्या प्रकरणींही शस्त्रास काय काय पाजावें याची यादी येते. 'पायना' हा शब्द 'पा' म्हणजे पिणें या धातूच्या प्रयोजक रूपापासून आला आहे. आणि 'पाजणें' हें त्याच धातूचें मराठी अपत्य. सुश्रुताचा पारिभाषिक शब्द आपल्या अर्थासकट आंबेनळीच्या पायथ्याशीं कोयत्यांवर रोज चालतो आहे, आणि संस्कृतच्या शिक्षकास तो मोडी कागदांत ओळखूं आला नाहीं. पाणीदार, पाणी उतरणें, पाणी जोखणें हे शब्दप्रयोग आपण माणसांविषयीं सहज करतों. त्यांतील निदान पहिल्या दोहोंच्या मागें ही भट्टी उभी असावी, असें आम्हांस वाटतें.

पाणी आणि तेल यांतील भेदही हातानें पाहिला. पाण्यांत पोलाद एकाएकीं निवतें. पातळ पातें अशा वेळीं तडकतें किंवा वांकडें होतें. तेलांत तें सावकाश निवतें व नाजूक धार सुरक्षित राहते. शिरावेधासाठीं पातळ शस्त्र लागतें, म्हणून तेल. सुश्रुतानें कारण दिलेलें नाहीं. कारागिरास तें सांगावें लागत नसावें.

५

एक वर्षानें आम्हांस लेथयंत्राशीं उभें राहण्याची परवानगी मिळाली. लोखंडाचा दांडा चकांत आवळून फिरवावयाचा आणि स्थिर धरलेलें पोलादी पातें त्यावर हळूहळू सरकवावयाचें. दांड्याची साल वळत वळत सुटते व तो बरोबर गोल होतो. पात्याचें टोक दांड्याच्या मध्याच्या उंचीवर असलें पाहिजे. वर असलें तर तें घांसतें, खालीं असलें तर दांडा त्यावर चढूं पाहतो.

रघुवंशाच्या सहाव्या सर्गांत इंदुमतीच्या स्वयंवरप्रसंगीं अवंतीच्या राजाचें वर्णन करतांना, त्वष्ट्यानें यंत्रावर चढवून प्रयत्नानें उल्लेखिलेल्या सूर्याची उपमा कालिदासानें दिली आहे. संज्ञेस सूर्याचें तेज सोसेना म्हणून विश्वकर्म्यानें त्यास भ्रमावर घालून त्याचें तेज तासलें, ही पुराणांतील कथा. आम्हीं हा सर्ग कित्येक वर्षें शिकविला, आणि 'भ्रम' म्हणजे फिरतें चक्र, 'उल्लेखिणें' म्हणजे घांसून उजळणें, एवढें सांगून पुढें गेलों. वास्तविक येथें भ्रम म्हणजे कातयंत्र होय. तासलेल्या तेजापासून विष्णूचें चक्र व शिवाचा त्रिशूळ झाला असें पुराण सांगतें. म्हणजे साल वायां गेली नाहीं. आमच्या पायांशीं निळसर वळ्यांचा ढीग पडला व मिस्त्र्यांनीं तो विकण्यासाठीं पोत्यांत भरला, तेव्हां ती कथा रचणाराच्या घराजवळ एखादा कातारी असला पाहिजे, असें आमच्या मनांत आलें.

मापांविषयींही एक गोष्ट नोंदण्याजोगी आहे. कारखान्यांत मिलिमीटर चालतोच, पण मिस्त्र्यांच्या तोंडीं अजून 'सूत' आहे. एक इंचाचीं आठ सुतें. सूत म्हणजे सूत्र. सुतार म्हणजे सूत्रधार. आपल्या जुन्या मानांत आठ यवांचें एक अंगुल होतें व कौटिल्यानेंही तेंच मान दिलें आहे. इंच व अंगुल हीं मानें वेगळीं, आणि सूत हें यवाचें वंशज आहे असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु बोटाएवढ्या मापाचे आठ भाग करण्याची संवय कारागिराच्या हातास परकी वाटली नसावी, एवढें म्हणण्यास हरकत नाहीं. सुताच्या खालीं गेल्यावर मात्र आंकडे संपतात व स्पर्श सुरू होतो. कॅलिपरचे पाय दांड्यावरून 'कागद अडेल इतके' सरकले पाहिजेत, असें मिस्त्री म्हणत.

६

आतां मुख्य मुद्द्याकडे वळूं. या एका छपराखालील शब्द आम्हीं टिपून घेतले, तेव्हां ते जमिनीच्या थरांप्रमाणें एकावर एक बसलेले दिसले.

सर्वांत खालचा थर भट्टीभोंवतीं आहे. ऐरण हा शब्द अधिकरणी या संस्कृत शब्दावरून प्राकृतांतून आलेला आहे. भाता भस्त्रेवरून, सांडशी संदंशावरून, घण घनावरून, लोहार लोहकारावरून. येथें एकही परका शब्द नाहीं.

दुसरा थर फारशीचा. कारखाना, उस्ताद, पेच, पोलाद हे त्यांतील. जुन्या दप्तरांतील तोफखाना, सिलेखाना, दारूखाना याच कुळांतले. हे बहुतेक शब्द कामाच्या व्यवस्थेचे, राजसत्तेच्या मागणीचे किंवा बाहेरून येणाऱ्या मालाचे आहेत; ठोकण्या-कापण्याच्या क्रियेचे नाहींत. इ. स. १६७४ च्या राज्याभिषेकानंतर रायगडाच्या आश्रयानें तयार झालेल्या राज्यव्यवहारकोशाचे दहा वर्ग आहेत व त्यांत एक शस्त्रवर्ग आहे. दरबारांतील यावनी शब्दांस संस्कृत प्रतिशब्द देणें हा त्या कोशाचा उद्देश. तो कोश भाषाशुद्धीच्या दृष्टीनें पुष्कळ अभ्यासिला गेला आहे. आमचें म्हणणें इतकेंच कीं, ज्या गडावर तो उपयोगांत आला त्याच्या पायथ्याच्या लोहारास त्याची गरज नव्हती. त्याची ऐरण व त्याचा भाता हीं मुळांतच संस्कृतचीं लेंकरें होतीं.

तिसरा थर पोर्तुगीज. खुद्द 'मिस्त्री' हा शब्द पोर्तुगिजांच्या मेस्त्रीपासून आला. चावी व बिजागरी याही त्यांच्याच. दारें, खिडक्या, कुलुपें यांच्या कामांत पश्चिम किनाऱ्यानें कोणाकडून शिकवण घेतली, हें या तीन शब्दांवरून दिसतें. गुरूस दिलेलें नांवच परभाषेंतून आलें आहे, हें विशेष.

चौथा थर इंग्रजी: लेथ, चक, वाइस, ड्रिल, टॅप, डाय, कॅलिपर. यंत्र जसें आलें तसें नांवासकट आलें.

एवढ्यावरून मात्र घाईचा निष्कर्ष काढूं नये. शब्द नवा म्हणजे वस्तुही नवी, असा नियम नाहीं. लेथ हा शब्द इंग्रजी असला तरी दोरीनें अगर कमानीनें फिरणाऱ्या यंत्रावर लांकूड कातणारा कातारी आपल्याकडे पूर्वींपासून होता, आणि सावंतवाडीचीं लांकडी फळें व खेळणीं त्याच कुळांतलीं. दोरीच्या यंत्रावर लांकूड पुढें-मागें फिरतें व कानशीप्रमाणें एकाच दिशेस कापलें जातें. यंत्र बदललें तेव्हां शब्दही बदलला. 'भ्रम' पोथींत राहिला, 'कातणें' जिभेवर राहिलें, आणि छपराखालीं 'लेथ' आलें. त्याचप्रमाणें स्क्रूस मिस्त्री कधीं 'पेच' म्हणतात, कधीं 'स्क्रू' म्हणतात. त्यांचे वडील 'मळसूत्र' म्हणत असत. आणि त्यावरील वळणांस सर्वच 'आटे' म्हणतात. एका वस्तूचीं तीन नांवें म्हणजे तीन गुरूंच्या तीन सह्याच होत.

७

शिकणें म्हणजे काय याविषयीं आपल्या धर्मशास्त्रानें विचार केलेला आहे. नारदस्मृतींत 'अभ्युपेत्याशुश्रूषा' या व्यवहारपदाखालीं शिल्प शिकणाऱ्या अंतेवासीचे नियम आहेत. आप्तांची संमति घेऊन व मुदत ठरवून त्यानें आचार्याच्या घरीं राहावें. आचार्यानें त्यास जेवूं घालून शिकवावें, दुसऱ्या कामास लावूं नये व पुत्राप्रमाणें वागवावें. मुदतीपूर्वीं शिल्प साध्य झालें तरी शिष्यानें मुदत पुरी करावी व तोंवरच्या कामाचें फळ आचार्याचें. हा करार युरोपांतील उमेदवारीच्या करारांहून फारसा निराळा नाहीं. त्र्यंबक नारायण आत्रे यांच्या 'गांवगाडा' या १९१५ मधील ग्रंथांत बलुतेदारांचें जें सविस्तर वर्णन आहे त्यांत लोहार-सुतारांचे हक्क व कामें सांपडतात. पण बलुत्यांत विद्या घरांतल्या घरांत जाई, म्हणून करार नाहीं. आणि करार नाहीं म्हणून कागदही नाहीं.

घराबाहेरील गुरूकडून विद्या आल्याचीं उदाहरणें मात्र इतिहासांत राहिलीं. पेशवाईच्या अखेरच्या काळांत पुण्याच्या इंग्रज वकिलातींतील चार्ल्स मॅलेट यांच्या आश्रयाखालीं एक तांबट ताम्रपटावर अक्षरें खोदण्यास शिकला, आणि नाना फडणिसांनीं गीता छापण्याची योजना केली. ती पुण्यास तडीस गेली नाहीं. तो तांबट मिरजेस गेला व १८०५ मध्यें गंगाधरराव पटवर्धनांच्या आश्रयानें गीता ताम्रपटांवरून छापली गेली. ताम्रपटावर प्रत्येक अक्षर उलटें खोदावें लागतें, हें मुद्रणाच्या इतिहासांत एका वाक्यांत येतें. आम्हीं पितळेच्या तुकड्यावर उलटा 'श्री' खोदून पाहिला. चार दिवस लागले व तो छापल्यावर वांकडा निघाला. गीतेचे सातशें श्लोक लक्षांत घेतां त्या अनामिक तांबटास आम्ही त्या दिवसापासून पंडितांच्या पंक्तींत बसवितों. पुढें मुंबईस अमेरिकन मिशनच्या छापखान्यांत टॉमस ग्रॅहम यांच्या हाताखालीं शिकलेले जावजी दादाजी (१८३९–१८९२) यांनीं निर्णयसागराची स्थापना केली. ज्यांच्यावर आमच्या पिढ्या वाढल्या ते संस्कृत ग्रंथ त्यांच्या ठशांनीं छापले गेले.

लक्ष्मणराव किर्लोस्कर यांची हकीकत याच मालिकेंतील. १८६९ मध्यें जन्मलेले लक्ष्मणराव चित्रकला शिकण्यास मुंबईस गेले, पण रंगांतील भेद नीट दिसत नसल्यामुळें यंत्रचित्रांकडे वळले, व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्यें शिक्षक झाले, आणि पुढें बेळगांवास सायकलींच्या दुकानापासून आरंभ करून कडबा कापण्याचीं यंत्रें व लोखंडी नांगर करूं लागले. १९१० मध्यें औंध संस्थानांत किर्लोस्करवाडी उभी राहिली. तेही मूळचे आमच्यासारखे मास्तर होते, एवढ्या एका नात्यानें त्यांचें नांव घेतांना आम्हांस धीर येतो. ज्यांनीं मळसूत्र कापण्याच्या लेथास अचूकपणा आणला ते हेन्री मॉडस्ले (१७७१–१८३१) बारा वर्षांच्या वयापासून वुलिच येथील शस्त्रागारांत काम करीत वाढले, आणि व्हिटवर्थ मॉडस्ले यांच्याच कारखान्यांत शिकले. तिकडेही विद्या माणसाशेजारीं उभें राहूनच पुढें गेली.

आमच्या मिस्त्र्यांची परंपरा गिरणगांवची. त्यांचे वडील मुंबईच्या एका कापडगिरणींत फिटर होते. १८ जानेवारी १९८२ रोजीं गिरणीकामगारांचा संप सुरू झाला व तो दीर्घ काळ चालला. या घाटाखालच्या पुष्कळ घरांतील माणसें त्या वेळीं गांवीं परतलीं. वडील परतले ते हत्यारांची पेटी घेऊन. त्या पेटींतूनच मुलगा शिकला. त्याचा मुलगा आज पुण्याकडे संगणकाच्या आज्ञेनें चालणाऱ्या लेथावर काम करतो व बापापेक्षां अधिक मिळवितो. त्यास कानस धरावी लागत नाहीं. यांत तक्रार करण्याजोगें कांहीं नाहीं. पण पायथ्याच्या छपराखालीं सध्यां विद्यार्थी एकच आहे, व त्याचें वय साठीपलीकडचें आहे.

८

२०२१ च्या जुलैंत सावित्रीस पूर आला व महाड शहर पाण्याखालीं गेलें. तळिये गांवावर दरड कोसळून ऐंशींहून अधिक माणसें गेलीं. पोलादपूर तालुक्यांत केवनाळे व साखर-सुतारवाडी येथेंही दरडींनीं बळी घेतले. आंबेनळीचा रस्ता तुटला. अशा दुःखापुढें आमची हानि सांगणें शोभत नाहीं, पण या लेखाशीं तिचा संबंध आहे म्हणून सांगतों. आमच्या घरांत कमरेच्यावर पाणी चढलें. मोडी कागदांचीं बांडें माळ्यावर होतीं, तीं वांचलीं. खालच्या फडताळांत आमचीं हत्यारें व कारखान्यांतील शब्दांच्या तीन वह्या होत्या. हत्यारें गंजलीं, चिखलानें भरलीं. वह्यांतील शाई धुऊन गेली.

वाट मोकळी झाल्यावर मिस्त्री आले. रॉकेल, तेल, वाळूचा कागद घेऊन दोन दिवसांत त्यांनीं बहुतेक हत्यारें पूर्ववत् केलीं. शाई कोणासच पूर्ववत् करतां आली नाहीं. तेव्हां शब्द पुन्हा लिहून घ्यावे म्हणून आम्हीं नवी वही काढली व विचारूं लागलों. दहा-पंधरा शब्द झाले आणि ते थांबले. "असं बसून नाहीं आठवत, गुरुजी," ते म्हणाले. दुसऱ्या दिवशीं आम्ही कारखान्यांत गेलों. ते एकेक हत्यार उचलीत, दोन घाव घालीत किंवा दोन हात कानस मारीत, आणि शब्द येई. असे दोनशेंहून अधिक शब्द पुन्हा मिळाले. पहिल्या वह्यांत त्यापेक्षां पुष्कळ होते. कारण मधल्या काळांत कांहीं हत्यारें मोडींत गेलीं होतीं, व त्यांच्याबरोबर त्यांचे शब्दही.

यावरून आमची वाचकांस विनंती अशी. आपण बखरी, सनदा, महजर व पोथ्या जमवितों. राजवाड्यांनीं गांवोगांव हिंडून कागद मिळविले, तसेच मराठीचे धातूही वेंचले. त्यांची ती दुसरी बाजू आपण कमी चालविली. ज्याच्या गांवीं जुना लोहार, सुतार, तांबट, कातारी किंवा गिरणींतून परतलेला फिटर असेल, त्यानें त्याच्या कामाच्या जागीं जाऊन, हत्यार त्याच्या हातांत असतां, पुढील चार गोष्टी लिहून घ्याव्या: हत्याराचें नांव, त्याचें काम, त्या कामाचें क्रियापद, आणि तें कोणाकडून शिकलें. क्रियापद विशेषेंकरून घ्यावें. नांवें कोशांत सांपडतात, क्रियापदांचे कामांतले अर्थ बहुधा सांपडत नाहींत. शक्य झाल्यास तें काम एकदां तरी स्वतःच्या हातानें करून पाहावें, आणि यादीच्या दोन प्रती करून एक उंचावर ठेवावी. एका यादीवर विश्वासूं नये. तिसऱ्या गांवची यादी आल्यावांचून पाठ निश्चित करूं नये.

'पाजणें' या शब्दावरील आमची जुनी टीप माळ्यावरील नकलेंत वांचली होती. ती आम्हीं खोडली आहे, पण वाचतां येईल अशी ठेविली आहे, आणि तिच्याखालीं शुद्ध अर्थ लिहून तो ज्यांनीं सांगितला त्यांचा निर्देश 'मिस्त्री' असा केला आहे.